डूम २०९९, मुक्काम वेंगुर्ला: एका चित्रकथनाच्या नोंदी

१२ मे २०२४

काय करायचं आहे ते आधी लिहून ठेवतो. पावसाच्या तोंडावर काढलेली माझी कामं पुढे कुठं जातात हे घरात सगळ्यांना ठाऊक आहे.

'डूम २०९९' ही मार्व्हलची कॉमिकमालिका. जानेवारी १९९३ ते ऑगस्ट १९९६, एकूण ४४ अंक. काळ भविष्यातला आणि मुख्य पात्र खलनायक. सोबत निघालेल्या मालिकांपैकी स्पायडर-मॅनची आजच्या पोरांनाही माहीत आहे, ही मात्र पार विस्मरणात गेली. तिची गोष्ट यंदा चतुर्थीला चाकरमानी आले की आमच्या पडवीत सांगायची. चित्रं एकामागून एक हातात धरून, तासाभरात, मालवणीत. प्रोजेक्टर नाही. वीज त्या दिवसांत असते तेव्हा असते.

माल घरातच आहे. दादा नव्वदच्या दशकात बोटीवर होता. बंदराला लागल्यावर मिळेल ते वाचायला घ्यायचा आणि सुट्टीवर आला की वाचून झालेलं सगळं वेंगुर्ल्याला टाकून जायचा. कोकण रेल्वे तेव्हा पूर्ण झाली नव्हती, ती १९९८ साली. त्यामुळे डूमने मुंबई ते वेंगुर्ला हा प्रवास एसटीच्या टपावर केला आहे. अंक सलग नाहीत. बोट ज्या महिन्यात समुद्रात असेल त्या महिन्याचा अंक नाही. कथेतल्या गाळलेल्या जागा या अशा दादाच्या नोकरीच्या आहेत.

१६ मे

ट्रंकेतल्या अंकांची अवस्था वाईट, पण भीती वाटली होती तितकी नाही. दादाने प्रत्येक अंक प्लास्टिकच्या पिशवीत घालून चिकटपट्टी लावली होती. इंग्लंडला हे ठीक. आमच्याकडे पिशवीत एकदा दमट हवा शिरली की ती बाहेर पडत नाही, आणि आत बुरशी सुखाने नांदते. उघड्यावर राहिलेले थोडे अंक उलट बरे निघाले. त्यांना कसरीने कडा कुरतडल्या, एवढंच.

पिना गंजल्यात. गंज कागदात उतरून मधल्या पानाच्या घडीवर तपकिरी डाग पडलेत. पिना बोथट सुरीने उचकटून काढल्या आणि तिथं बारीक सुती दोरा ओवला. संग्राहक लोक हे बघतील तर शिव्या घालतील. पण मला हे अंक विकायचे नाहीत, वाचायचे आहेत.

पहिल्या अंकाचं मुखपृष्ठ चमकत्या फॉइलचं आहे. तेव्हाची ती फॅशन. हे फॉइल वरच्या अंकाच्या पाठीला चिकटून बसलं होतं. ओढलं असतं तर डूमचं तोंडच निघून आलं असतं. दोन दिवस कोरड्या हवेत ठेवून, कडेने बटर पेपर सरकवत सरकवत सोडवलं. एका कोपऱ्यात मागच्या जाहिरातीची दोन अक्षरं उलटी उमटली आहेत, ती तशीच राहू दिली.

आता सगळे अंक लाकडी कपाटात आडवे, प्रत्येकामध्ये बटर पेपर, खाली वेखंडाची पुरचुंडी. कपाटात जुना पिवळा बल्ब लावलाय. एलईडीचा उपयोग नाही, तो तापत नाही. कागदाला साधारण पन्नास टक्के आर्द्रता मानवते म्हणतात. जुलैत आमच्याकडे ती नव्वदच्या आसपास असते. त्यामुळे बल्ब.

२५ मे

गोष्ट सांगायची तर आधी ती कुठून आली ते मला स्वच्छ पाहिजे.

१९९१ साली मार्व्हलच्या 'एक्स-मेन'च्या नव्या पहिल्या अंकाच्या ऐंशी लाखांहून जास्त प्रती गेल्या. मुखपृष्ठं पाच, आतला मजकूर तोच. लोक एकच अंक पाच वेळा घेऊन न उघडता कपाटात ठेवत होते, पुढे किंमत येईल म्हणून. १९९२ मध्ये मार्व्हलचे नावाजलेले चित्रकार बाहेर पडले आणि त्यांनी इमेज ही स्वतःची कंपनी काढली. त्याच वर्षाच्या शेवटी मार्व्हलने २०९९ ही नवी मालिकांची ओळ सुरू केली. आधी 'स्पायडर-मॅन', मग 'रॅव्हेज', 'डूम' आणि 'पनिशर'. 'रॅव्हेज' सुरुवातीला मार्व्हलचे बडे लेखक खुद्द स्टॅन ली यांनी लिहिली होती. वाचवत नाही.

२०९९ मधल्या अमेरिकेत सरकार नावापुरतं आहे. सत्ता कंपन्यांची. पोलिसही खासगी, पैसे भरलेत तर मदतीला येणार. बाकी बहुतेक मालिकांमध्ये जुन्या नायकांचे वारसदार आहेत: तोच मुखवटा, माणूस नवा. डूमचं तसं नाही. १९६२ साली 'फँटॅस्टिक फोर'च्या पाचव्या अंकात स्टॅन ली आणि जॅक कर्बी यांनी आणलेला व्हिक्टर व्हॉन डूम, लाटव्हेरिया या काल्पनिक देशाचा राजा, तोच शंभर वर्षं ओलांडून थेट इथं उगवतो. निदान तो तसं म्हणतो.

खलनायकाला मालिका देणं नवं नव्हतं. १९७५ साली मार्व्हलच्या प्रतिस्पर्धी डीसी कंपनीने बॅटमॅनचा शत्रू जोकर याची काढली होती. ती नऊ अंकांत बंद पडली. त्या काळी कॉमिक्सना आचारसंहिता होती आणि तिचा दंडक असा की गुन्हेगाराला शिक्षा झालीच पाहिजे. म्हणजे दर अंकात जोकरने बेत आखायचा आणि शेवटच्या पानावर फसायचं. असा नायक किती दिवस टिकणार? आपल्याकडे इंद्रजाल कॉमिक्सवर वाढलेल्या माझ्यासारख्यांना तर खलनायक म्हणजे वेताळाचा ठोसा खाऊन हनुवटीवर कवटीची खूण घेऊन जाणारा, एवढंच माहीत. त्याची फिर्याद कुणी ऐकली नव्हती.

२ जून

पहिले अंक पुन्हा वाचले. लेखन जॉन फ्रान्सिस मूर, चित्रं पॅट ब्रॉडरिक.

सुरुवात झकास आहे. लाटव्हेरियातल्या मोडक्या किल्ल्यात डूम प्रकट होतो. कसा आला, मधल्या काळात काय झालं, त्याला आठवत नाही. त्याच्या देशावर आता टायगर वाइल्ड नावाचा भाडोत्री सैनिक राज्य करतोय. अर्धा माणूस, अर्धं यंत्र. डूम आपल्या नेहमीच्या तोऱ्यात त्याच्यासमोर उभा राहतो आणि सपाटून मार खातो. शतकापूर्वीचं चिलखत २०९९च्या हत्यारांपुढे टिकत नाही. आणि चिलखताच्या आतला चेहरा कसा, तर तरुण, एकही व्रण नसलेला. ज्या चेहऱ्याच्या विद्रूपतेवर या पात्राची तीस वर्षं उभी, तोच धडधाकट! वाइल्ड तो पुन्हा जाळतो. म्हणजे हा खरा डूम की कुणी स्वतःला डूम समजणारा, हा संशय पहिल्याच अंकात पेरला जातो.

मग तो आपल्या भटक्या जमातीच्या लोकांत परततो, नवं चिलखत करवून घेतो, आणि माणसं जमवतो: भविष्य पाहणारी फॉर्च्यून, संगणकांच्या जाळ्यात शिरणारा पोरगा वायर. जगात सगळी सत्ता माहितीच्या जाळ्यातून चालते हे कळल्यावर हा माणूस सम्राटाचा बाणा बाजूला ठेवून शिकायला बसतो. मला ती पानं फार आवडतात. हरलेल्या राक्षसाने अभ्यास केल्याचं मी दुसरीकडे वाचलेलं नाही.

ब्रॉडरिकच्या माणसांचे चेहरे ताठर आहेत, पण धातू मात्र असा काढतो की बोट लावावंसं वाटतं. मूरचे संवादाचे फुगे भरगच्च. मधल्या अंकांत तर मी चित्रं बघत पुढे सरकलो. खरा-खोट्याचं कोडं वर्षानुवर्षं लांबवलंय आणि त्याचा समाधानकारक उलगडा झालाय असं मला तरी वाटत नाही. चित्रकथनात ते कोडं एका वाक्यात आटोपायचं.

८ जून

पाऊस लागला. काम बंद. कौलं.

१९ जून

पिंगुळीला जाऊन आलो, मठमार्गे कुडाळच्या वाटेवर. चित्रकथीच्या जुन्या पोथ्या तिथल्या ठाकर कलावंतांच्या संग्रहालयात बघायला मिळतात. परशुराम गंगावणे यांना २०२१ साली पद्मश्री मिळाल्यापासून मुंबई-पुण्याची माणसंही तिथं वाट वाकडी करून जाऊ लागली आहेत. आम्ही जिल्ह्यातले असून किती जण गेलो असू?

पोथी म्हणजे सुटी चित्रं, दोन-दोन पाठीला पाठ लावून चिकटवलेली. रामायण-महाभारतातलं एकेक आख्यान एकेका पोथीत. सांगणारा चित्र पुढे धरतो, गातो, बोलतो, ते संपलं की दुसरं घेतो. सावंतवाडीच्या राजांचा या कलेला आश्रय होता. मी तिथं दोन गोष्टी पाहिल्या. पहिली: एका चित्रात एकच प्रसंग. कॉमिकच्या पानावर सहा चौकटी असतात आणि डोळा त्यांवरून धावतो, इथं डोळा थांबतो आणि धावायचं काम आवाज करतो. दुसरी: पात्रं समोरासमोर उभी, डोळे मोठे, टपोरे. राग काय, भीती काय, सगळं त्या डोळ्यांत.

त्यामुळे ठरलं. कॉमिकची पानं मोठी करून छापायची नाहीत. हक्काचा प्रश्न आहेच, शिवाय त्या पानाच्या चौकटी लांबून कुणाला दिसायच्याही नाहीत. प्रसंग निवडायचे आणि मी माझ्या हाताने काढायचे. पिंगुळीची शैली उचलायची नाही. ती ज्यांची आहे त्यांची आहे, आणि मला जमणारही नाही. फक्त 'एक चित्र, एक प्रसंग' हा नियम घ्यायचा.

दादाला फोनवर सांगितलं. म्हणाला, "तू आणि चित्रं? शाळेत माझ्या वहीतून नकाशे काढायचास."

३० जून

शेजारचे आबा संध्याकाळी आले. आबा पूर्वी दशावतारात होते, राक्षसाच्या भूमिका करायचे. गुडघ्यांनी दगा दिला तोवर. टेबलावरचा पहिला अंक त्यांनी हातात घेतला, फॉइलवरून अंगठा फिरवला.

"ह्यो कोण रे? आमच्या संकासुराचो भाव काय?"

मी थोडक्यात गोष्ट सांगितली. आबा ऐकतात तेव्हा मान हलवत नाहीत, त्यामुळे पटतंय की नाही कळत नाही. डूम स्वतःचा उल्लेख बऱ्याचदा 'डूम' असाच करतो, हे त्यांना एकदम पसंत पडलं. रंगमंचावर राक्षस आला की आधी आपली ओळख देतो, तीही कुणी विचारायच्या आत. पायपेटीवाल्याकडे बघून, पाय आपटून, आपल्या पराक्रमाची यादी वाचतो. खेळाला लिहिलेली संहिता नसते. कोण किती वेळ बोलतो हे त्याच्या दमावर. आबा म्हणे ओळखीतच पाव तास काढायचे.

मग म्हणाले, "ता सगळा ठीक आसा. पण माका एक सांग, ह्यो जिंकलो तर फुडे काय करतलो?"

मी म्हटलं, आबा, तीच तर गोष्ट आहे.

"आमच्याकडे राक्षसाक फाटफटी मराचाच लागता. तेच्याशिवाय दहीकालो कसो जातलो? म्हणान आमका कधी इचार करूचो लागूक नाय." जाताना उंबऱ्यात थांबून पुन्हा तेच. "जिंकलो तर काय?"

ही वही सुरू केली तेव्हा मला फक्त एक हरवलेली मालिका लोकांपुढे आणायची होती. पण आबांचा प्रश्न त्या ४४ अंकांना लावून बघितला तर मालिका चटकन दोन भागांत फुटते: राज्य मिळवण्याचे अंक आणि राज्य करण्याचे अंक. चित्रांची निवड आता या प्रश्नावर करायची.

१४ जुलै

'फॉल ऑफ द हॅमर' वाचून काढलं. १९९४ मधली, पाच मालिकांत पसरलेली एक कथा. दादाकडे त्यातले सगळे भाग नाहीत, तरी धागा लागतो. अल्केमॅक्स ही बडी कंपनी चक्क देव तयार करते. लोक थॉरच्या पुनरागमनाची वाट पाहताहेत हे तिच्या लक्षात येतं, आणि ती माणसांना शक्ती देऊन थॉर आणि त्याचं देवमंडळ बाजारात आणते. वर हवेत तरंगतं शहर. भक्त आयतेच मिळतात. डूमला हे कळतं तेव्हा त्याचा संताप बघण्यासारखा आहे. फसवणूक झाली म्हणून तो चिडत नाही. इतक्या हलक्या दर्जाच्या माणसांनी देव बनवले याचा त्याला राग.

तारखा लावताना एक गोष्ट जुळून आली. २०९९ ची ओळ १९९२ च्या शेवटी सुरू झाली. त्याच वर्षी जूनमध्ये एन्रॉन आणि राज्य वीज मंडळ यांच्यात दाभोळ प्रकल्पाचा सामंजस्य करार झाला होता. डिसेंबर १९९३ मध्ये वीजखरेदीचा करार. ऑगस्ट १९९५ मध्ये नव्या राज्य सरकारने प्रकल्प रद्द केला, १९९६ मध्ये फेरवाटाघाटी होऊन तो परत आला. २००१ च्या डिसेंबरात एन्रॉन दिवाळखोरीत गेली. 'डूम २०९९' चे सगळे अंक या वर्षांच्या आत बसतात. अमेरिकेतले लेखक कंपन्यांचं राज्य एकशेसहा वर्षं पुढे ढकलून लिहीत होते, आणि गुहागर तालुक्यात अंजनवेल-वेलदूरची माणसं कंपनी, सरकार, युनिटचा दर असल्या गोष्टींवर एसटी स्टँडवर वाद घालत होती. दादाने हे अंक आणले तेव्हा आम्ही त्यांना अंतराळातली गोष्ट समजून वाचलं. शेजारच्या जिल्ह्याशी तिचा संबंध जोडायचं डोक्यातही आलं नाही.

याचं चित्र काढायचं नाही. सांगताना एक वाक्य टाकायचं आणि पुढे जायचं. लोक समजतात.

४ ऑगस्ट

आता वॉरन एलिस. सव्विसाव्या अंकापासून लेखन त्याच्याकडे आलं. १९९५ ची सुरुवात. ब्रिटिश, वयाने तरुण, तेव्हा फारसं नाव नाही. हे अंक पुस्तकरूपात २०१३ मध्ये पुन्हा निघालेत, त्यामुळे दादाच्या नोकरीने पाडलेली भोकं इथं बुजवता आली.

हवा पहिल्या पानापासून बदलते. डूम ठरवतो की लाटव्हेरिया पुरेसा नाही, जगाचं दुखणं अमेरिकेतल्या कंपन्यांत आहे, तेव्हा अमेरिकाच घ्यायची. आणि घेतो. बळाने, उघडपणे, राष्ट्राध्यक्ष म्हणून. मग येतो तो भाग ज्याच्यासाठी मी ही खटपट करतोय. हा माणूस मंत्रिमंडळ बनवतो. पनिशरसारखा गुन्हेगारांना स्वतःच सजा देत फिरणारा माणूस, त्याला शिक्षामंत्री करतो! बाकीच्या मालिकांतल्या नायकांपुढे पेच: हा हुकूमशहा आहे, पण ज्या कंपन्यांशी आपण इतकी वर्षं रस्त्यावर झुंजलो त्यांना यानेच वेसण घातली. आता विरोध करायचा, की खातं घ्यायचं?

वाचताना मी डूमच्या बाजूने होतो. हे नोंदवून ठेवतो, कारण पडवीतही तसंच होणार. कंपनीवाल्यांची तंतरलेली तोंडं बघून टाळी येणारच. त्या टाळीची एलिसला पूर्ण कल्पना आहे. तो वाचकाला आधी टाळी वाजवू देतो, आणि दोनच पानांनी डूमचा एखादा असा निर्णय दाखवतो की वाजवलेला हात मागे घ्यावासा वाटतो. निवडून आलेला कुणी नाही, जाब विचारायला कुणी नाही, चिलखतातला एक माणूस सगळ्या देशासाठी काय चांगलं ते ठरवतोय. मूरने डूमला योद्धा म्हणून लिहिलं. एलिसने त्याला कारभारी म्हणून लिहिलं, आणि त्यामुळे तो जास्त भीतिदायक झाला.

पण हे फार टिकत नाही. उठाव होतो, हेरॉड नावाचा माणूस एका तोतया कॅप्टन अमेरिकाला पुढे करून सत्ता घेतो. लाटव्हेरियाच्या जनतेवर प्राणघातक सूक्ष्म यंत्रं सोडली जातात, देश ओस पडतो. डूम पुन्हा सूड घेणारा योद्धा. म्हणजे मूळपदावर. माझी तक्रार नेमकी इथं आहे. खलनायकाला राज्य देण्याची हिंमत केली आणि तो राज्य करायला लागला तोच सिंहासन काढून घेतलं. रस्ते, पाणी, कर, पहिला दुष्काळ, पहिलं आंदोलन, यांतलं काही यायच्या आतच. आचारसंहिता सैल होऊन जमाना झाला होता. आतून मात्र तीच सवय.

११ ऑगस्ट

चित्रं. मुखवट्याने छळलंय. पिंगुळीच्या चित्रांत डोळा बोलतो, आणि डूमला दाखवण्याजोगा डोळाच नाही. दोन चौकोनी फटी. शेवटच्या रांगेतल्या मावशीला हा रागावलाय की हसतोय कसं कळणार? फटीत लाल रंग भरून बघितला, तर डूम डोळे आलेल्यासारखा दिसायला लागला.

आबांना दाखवलं. ते उठून उभे राहिले, गुडघ्यावर हात ठेवत. "तोंड झाकलेल्या माणसाचे लोका हात बघतत." आणि करून दाखवलं: हाताची मूठ अर्धी वळलेली, मान किंचित तिरकी, पण खांदे सरळ. राग. मूठ सोडून बोटं खाली, मान तशीच. तुच्छता. दशावतारातल्या संकासुराचा चेहराही काळ्या कापडाखाली असतो, तरी पोरं त्याच्या चालण्यावरच हसत सुटतात.

सगळे डूम पुन्हा काढले. आता चेहरा सगळीकडे एकसारखा, हात वेगवेगळे. लोखंडी पंजे काढायला सोपेही पडतात.

१८ ऑगस्ट

शेवट कुठं करायचा?

मालिका नुसती थांबते. १९९६ पर्यंत सट्टेबाजांचा बाजार बसला होता. मार्व्हलमध्ये मोठी कर्मचारीकपात झाली, २०९९ ओळीचे संपादक जोई कॅव्हॅलिएरी यांना काढलं, आणि त्याच्या निषेधार्थ एलिस आणि 'स्पायडर-मॅन २०९९' चा लेखक पीटर डेव्हिड दोघेही बाहेर पडले. ऑगस्टच्या अंकाने 'डूम' बंद झाली. डिसेंबर १९९६ मध्ये मार्व्हलनेच दिवाळखोरीचा अर्ज केला. ज्या कथेत कंपन्या अजिंक्य होत्या तिची कंपनी अशी गडगडली. यावर डूम काय म्हणाला असता ते मला ऐकू येतंय, पण ते चित्रकथनात घातलं तर मी जास्तच शहाणपणा करतोय असं होईल.

शेवटचे अंक गोष्टीत घेत नाही. लेखक बदलले आणि धागा सुटला.

दादाच्या मुलाचं म्हणणं: "काका, लाटव्हेरिया नष्ट होतो तिथं संपवा. इमोशनल आहे." तो डोंबिवलीला कॉलेजात आहे. मिगेल ओ'हारा, म्हणजे २०९९चा स्पायडर-मॅन, त्याला २०२३च्या अ‍ॅनिमेशनपटामुळे माहीत. डूम २०९९ त्याने माझ्याकडून पहिल्यांदा ऐकला. त्याचं ऐकलं तर गोष्ट सूडाची होते. मी वेगळं ठरवलंय: डूम अध्यक्ष झाला, मंत्री समोर बसले, शिक्षामंत्र्याने पहिली फाईल पुढे केली. त्या चित्रावर थांबायचं. आणि आबांचा प्रश्न आबांनाच विचारायला लावायचा.

१ सप्टेंबर

तालीम. पुतण्या झांज वाजवणार, चित्रं बदलायची खूण म्हणून. संवादाच्या फुग्यांतलं एकही वाक्य तोंडी सांगताना जसंच्या तसं उभं राहत नाही. सगळं टाकलं. आबांच्या पद्धतीने, प्रसंग डोक्यात ठेवून तोंडाला येईल ते. रॅव्हेज, एक्स-मेन, सगळे गाळले. पात्रं पाचच: डूम, वाइल्ड, फॉर्च्यून, वायर, पनिशर. वायरला मी 'केबलवाल्याचो झिल' करून टाकलंय. मूळ लेखकांची क्षमा.

११ सप्टेंबर

काल गौरी आल्या. भजन दहाला आटोपलं, उसळ-पाव झाला, आणि पडवीत माणूस मावेना. पाऊस होता, पण आवाज दाबण्याइतका नाही. वीज गेली नाही, तरी मी मुद्दाम दिवे घालवून एकच बल्ब ठेवला.

डूमची ओळख मी दशावतारी थाटात दिली. त्याला पहिली शिट्टी मागच्या पोरांची. वाइल्डचा मार खाल्ल्यावर बायका हळहळल्या. फॉर्च्यून त्याला औषधपाणी करते त्या चित्राला काकी म्हणाली, "आवस-बापूस नाय तेका, बिचाऱ्याक." डूमच्या आईवडिलांचं मी तोवर काही सांगितलंच नव्हतं. त्याची आई चेटूक करणारी आणि बाप वैद्य, दोघे तो लहान असतानाच गेले, हे १९६४ सालच्या एका वार्षिकांकात आहे. काकीने ते चित्रातल्या खांद्यांवरून ओळखलं. मान्य करतो, आबांचे खांदे.

विकत घेतलेल्या देवांच्या चित्राला कुणी हसलं नाही. शांतता अवघडल्यासारखी झाली. दाभोळचं वाक्य टाकलं तेव्हा चिपळूणहून आलेले मेव्हणे खुर्चीत पुढे सरकले आणि मला वाटलं आता गोष्ट त्यांच्या हातात जाते. झांज वाजवून पुढचं चित्र घेतलं.

अमेरिका घेतली तेव्हा टाळ्या. पनिशर शिक्षामंत्री झाला तेव्हा त्याहून मोठ्या. मग शेवटचं चित्र: टेबल, फाईल, अर्धी वळलेली मूठ. आबा कोपऱ्यातून, ठरल्याप्रमाणे: "जिंकलो! आता काय करतलो?"

मी गप्प बसलो. ठरल्याप्रमाणे इथं संपायला हवं होतं.

काकीने पहिला नंबर लावला. "राजो झालो मा? मग आधी नळाक पाणी सोड म्हणा तेका." बँकेतून निवृत्त झालेले भाऊ म्हणाले पैसे कुठून आणणार, तेचा बजेट दाखव. कुणी म्हणालं कंपन्या आहेत ना ताब्यात. भाऊ म्हणाले म्हणजे परत कंपन्याच चालवणार, नाव ह्येचा. पुतण्याच्या मैत्रिणीने विचारलं की त्याला काढायचं असेल तर कसं काढायचं, तशी काही सोय आहे का. नाही, मी म्हटलं. "मग नळाला पाणी आलं तरी काय," असं ती म्हणाली आणि काकीचं आणि तिचं जुंपलं. काकीचा मुद्दा असा की पाणी कोण सोडतं याच्याशी मतलब नाही, मे महिन्यात हंडे घेऊन ही पोर उभी राहिलेली नाही ना. मेव्हण्यांनी दाभोळ काढलंच. बारा वाजून गेले. आबा भिंतीला टेकून मजा बघत होते. एकदाच म्हणाले, "मारून टाकला असता तर घराक गेलो असतो."

४४ अंकांत लेखकांनी जेवढं राज्य चालवून दाखवलं नाही, तेवढं पडवीत चाललं.

१६ सप्टेंबर

चाकरमानी गेले. चित्रांना कडेने ओल लागली आहे, दोन-दोन पाठीला पाठ चिकटवून कपाटात ठेवली. आता वाकणार नाहीत.

पुतण्या विचारत होता की पुढच्या वर्षी रॅव्हेज घ्यायची का. नाही. काकी मात्र डूमचाच दुसरा भाग मागतेय, पाण्याचं काय झालं त्याचा. तो कुठल्या अंकात नाही, म्हणजे रचावा लागेल. आबांशी बोलून बघतो. ते खेळात उभ्या-उभ्या रचायचे, मला आधी आराखडा लागेल: नळ, भाऊंचं बजेट, आणि त्या मुलीचा प्रश्न सोडवायला चिलखताशिवायचं एखादं पात्र. ड्रॉइंगचे कागद संपलेत, कुडाळहून आणायचे.